अनन्यनिष्ठा आणि परधर्मीयांशी प्रेम





काल्याचे कीर्तन असो, ज्ञानेश्वरीच्या पारायणाची समाप्ती असो, की गावच्या देवळातले रोजचे प्रवचन असो, शेवटी आपण सारे उभे राहतो, हात जोडतो आणि पसायदान म्हणतो. शके १२१२ मध्ये नेवाशास ग्रंथ पुरा करून माउलींनी जे मागणे मागितले, तेच मागणे सातशे वर्षे उलटून गेली तरी आपण मागत आहोत. ओठांना ते इतके सवयीचे झाले आहे की आपण काय मागतो आहोत याकडे लक्षच जात नाही. तर आज जरा थांबून पाहू या.

माउलींनी तेथे वारकऱ्यांसाठी निराळे असे काही मागितलेले नाही. आमच्या फडाला मान मिळो, आमच्या पंथाची भरभराट होवो, आमचे विरोधक नाश पावोत, यातले एक अक्षर त्यात नाही. दुष्ट माणूस मरावा असे ते म्हणत नाहीत. त्याच्यातला दुष्टपणा तेवढा गळावा आणि त्यालाही सत्कर्माची गोडी लागावी, असे म्हणतात. मैत्र मागतात ते सगळ्या जीवांचे. ज्या बालयोग्याला स्वतःच्या आळंदीने वाळीत टाकले, त्याच्या तोंडचे हे मागणे आहे. तेव्हा पसायदान म्हणताना आपण कोणाला वगळत असू, तर ओठ माउलींचे आणि मन भलत्याचेच, असे होईल.

आता पूर्वपक्ष मांडू. एका गावी प्रवचन आटोपल्यावर एक वृद्ध माळकरी आमच्याजवळ येऊन बसले. म्हणाले, "बुवा, तुम्ही सांगता सर्वांभूती विठ्ठल पाहा. ऐकायला गोड वाटतं. पण आम्ही लहानपणी माळ घातली ती एका देवाची म्हणून. मुसलमानाचाही देव खरा, ख्रिस्ती माणसाचाही खरा, असं म्हणू लागलो तर आमच्या निष्ठेचं काय उरलं? आणि सगळंच सारखं असेल तर इतक्या लांब पंढरीला चालत जायचं तरी कशाला?"

प्रश्न प्रामाणिक आहे, आणि सोपा मुळीच नाही. पुष्कळ लोक त्याला एका वाक्यात उडवून लावतात. "अहो, सारे धर्म एकच!" असे म्हणतात आणि चहा मागवतात. आम्हांला हे उत्तर पटत नाही. सारी औषधे आरोग्यासाठीच आहेत म्हणून सगळ्या बाटल्या एका भांड्यात ओतून रोग्याला पाजणारा वैद्य कोणी पाहिला आहे काय? सगळे धर्म सारखे नाहीत. आपण विटेवरच्या सगुण रूपाकडे डोळे भरून पाहतो. मुसलमान मूर्ती मानीत नाही. ख्रिस्ती मनुष्य येशूला देवाचा एकुलता पुत्र मानतो. आपण अवतार अनेक मानतो. हे भेद खरे आहेत आणि त्यांसाठी लोकांनी प्राण वेचले आहेत. ते नाहीतच असे म्हणणे म्हणजे त्यांचाही अपमान आणि आपलाही.

मग सिद्धांत काय? पतिव्रतेचा दृष्टांत आपल्या संतांना फार आवडे. पतिव्रतेची निष्ठा एकाच ठिकाणी असते, त्यात वाटेकरी नसतो. पण म्हणून ती शेजारणीच्या नवऱ्याला शिव्या देते काय? शेजारणीचा संसार मोडावा असे तिला वाटते काय? उलट, जिला स्वतःच्या कुंकवाची किंमत कळली, तिलाच दुसरीच्या कुंकवाची किंमत कळते. जिला ती कळली नाही, तीच दाराशी उभी राहून दुसऱ्यांची उणीदुणी काढते. निष्ठेचेही तसेच आहे. आपल्या तुळशीच्या माळेचे मोल ज्याला खरोखर कळले, त्याला मुसलमानाच्या हातातली तसबी आणि ख्रिस्ती म्हातारीच्या हातातली जपमाळ पाहून राग येणार नाही. मणी निराळे, नाव निराळे. पण दिवस मावळताना एकट्या जिवाने कोणाला तरी हाक मारायची, ही तहान तीच आहे.

म्हणून आम्ही त्या बाबांना म्हटले, "बाबा, तुम्ही माळ काढू नका, सैलही करू नका. वारी चुकवू नका. दुसऱ्याच्या देवाला नमस्कार करा असं आम्ही म्हणत नाही. त्याच्या नमस्काराला हसू नका, एवढंच म्हणतो."

यावर दुसरा पूर्वपक्ष येतो, आणि तो अधिक जड आहे. लोक म्हणतात, "बुवा, इतिहास विसरलात काय? देवळं पाडली, मूर्ती फोडल्या. आमचा विठोबासुद्धा भयाने जागेवरून हलवावा लागला. आणि प्रेम आम्हीच करायचं?"

झाले ते झाले. त्यावर पांघरूण घालावे असे आम्ही कधीच म्हणणार नाही. पण एक गोष्ट ध्यानात घ्यावी. आपले संत शांततेच्या काळात झाले नाहीत. ज्या काळाचा आपण दाखला देतो, नेमक्या त्याच काळात ते हाडामांसाने वावरत होते. आपण तो काळ पोथीत वाचतो. त्यांनी तो अंगावर घेतला. तेव्हा त्यांनी काय केले, हे पाहणे हेच आपल्याला प्रमाण.

शांतिब्रह्म एकनाथ महाराजांचेच घ्या. गोदावरीत स्नान करून येताना एक यवन त्यांच्या अंगावर थुंके आणि नाथ पुन्हा स्नानाला जात, ही कथा आपल्याला पाठ आहे. तो थकला, नाथ थकले नाहीत. पण ही कथा सांगताना आपण येथेच थांबतो आणि नाथ म्हणजे नुसते सोसणारे, अशी समजूत करून घेतो. ते खरे नाही. नाथांनी हिंदू आणि तुर्क यांचा संवाद लिहिला आहे. त्यात दोघे एकमेकांची चांगली हजेरी घेतात. हा त्याच्या उपासनेतली विसंगती दाखवतो, तो ह्याच्या पुराणातली. कोणी कोणाची भीड ठेवीत नाही. आणि भांडता भांडता दोघांच्या ध्यानात येते की ज्याच्यासाठी भांडतो तो काही दोन नाही. शेवट होतो तो समाधानात, एकमेकांना वंदन करून.

यात शिकण्यासारखे फार आहे. नाथांनी भेद लपविले नाहीत, आधी तोंडावर बोलून दाखविले. पाठीमागे बोलणे आणि तोंडावर बोलणे यांत मोठे अंतर आहे. पाठीमागे बोललेले विष होते. समोर बसून, ऐकून घेण्याच्या तयारीने बोललेले औषध होऊ शकते. आणि नाथांनी दुसऱ्याच्या तोंडी दिलेले आक्षेप लुळेपांगळे नाहीत, चांगले धारदार आहेत. प्रतिपक्षाचे म्हणणे त्याच्याइतक्याच जोराने मांडता येणे, हीसुद्धा एक प्रकारची अहिंसाच आहे.

खुद्द नाथांचे गुरू जनार्दनस्वामी हे मुसलमानी अमलात देवगिरीच्या किल्ल्यावर अधिकारी होते. एक परंपरा असे मानते की त्या जनार्दनस्वामींना चांद बोधले यांचा उपदेश होता, आणि हेच चांद बोधले श्रीगोंद्याच्या शेख महंमदांचेही गुरू. ही परंपरा धरली तर पैठणचे नाथ आणि श्रीगोंद्याचे शेख महंमद एकाच गुरुघरचे ठरतात.

शेख महंमद महाराजांविषयी दोन शब्द अधिक लिहिले पाहिजेत, कारण नव्या पिढीला ते नाव फारसे ठाऊक नसते. त्यांचा 'योगसंग्राम' हा अठरा प्रसंगांचा ओवीबद्ध ग्रंथ १६४५ साली पूर्ण झाला. आपण जन्माने मुसलमान, अविंध, हे त्यांनी कधी लपविले नाही. आणि हरीचे नाव घेण्यासाठी कोणाची परवानगीही मागितली नाही. ग्रंथाच्या नावात संग्राम आहे, पण तो कोणाशी? हिंदूंशी नव्हे, मुसलमानांशी नव्हे. कामक्रोधांशी, अहंकाराशी, आपल्याच आत दडून बसलेल्या शत्रूंशी. बाहेर तलवारींचा खणखणाट चालू असता या माणसाने रणांगण कोठे आहे ते नेमके दाखविले. वारकरी त्यांना कबिराचा अवतार मानीत आले.

त्यांची एक कथा सांप्रदायिक मंडळी सांगतात. देहूस तुकोबांचे कीर्तन चालले होते आणि मांडवाला आग लागली. त्याच वेळी इकडे श्रीगोंद्यास शेख महंमद बसल्या जागी हात चोळू लागले, जणू काही विझवीत आहेत. लोकांनी पाहिले तो हात काळे झालेले. तिकडे देहूत आग विझली.

कथेची चिकित्सा ज्याला करायची त्याने करावी. आम्ही तिचा भाव घेतो. कीर्तन कोणाचे? तुकोबांचे. मांडव कोठला? देहूचा. आणि हात कोणाचे पोळले? शेख महंमदांचे. दुसऱ्याच्या मांडवाला लागलेली आग ज्याला आपल्या हाताला जाणवते तो संत, अशी व्याख्या या कथेतून निघते. दुसऱ्याच्या मांडवाला आग लागलेली पाहून ज्याला बरे वाटते, त्याने गळ्यात काय घातले आहे, हे मग पाहण्याचे कारण नाही.

देहूची आणखी एक आठवण सांगितलीच पाहिजे. आषाढीसाठी तुकोबांची पालखी निघते, तेव्हा देहूत अनगडशहा बाबांच्या दर्ग्यापाशी ती थांबते. तेथे अभंग होतो, आरती होते आणि मग पालखी पुढे चालू लागते. अनगडशहा हे फकीर. तुकोबांची परीक्षा पाहायला ते देहूस आले असे सांगतात. त्यांचा कटोरा कोणाच्याच भिक्षेने भरत नसे. तुकोबांच्या लहान मुलीने चिमूटभर पीठ घातले आणि तो भरून वाहू लागला. परीक्षा पाहायला आलेला फकीर मित्र झाला. आज लाखो वारकरी त्या वाटेने चालतात. दर्ग्यापाशी पालखी का टेकते, असा प्रश्न त्यांच्यापैकी कोणाला पडत नाही, कारण पाय आपोआप थांबतात. आमचे म्हणणे इतकेच की जेथे पाय थांबतात तेथे मनानेही थोडे थांबावे.

आता उत्तरेकडे चला. माउलींच्या समाधीनंतर नामदेवराय फिरत फिरत पंजाबात गेले. तेथले घुमान हे गाव आजही त्यांच्या नावाने नांदते; २०१५ साली मराठी साहित्य संमेलन तेथे भरले होते, हे वाचकांना आठवत असेल. १६०४ साली गुरू अर्जुनदेवांनी शिखांचा आदिग्रंथ सिद्ध केला, तेव्हा त्यात आपल्या नामदेवांची पदे घेतली. आज गुरू ग्रंथसाहिबात त्यांची ६१ पदे आहेत. त्याच ग्रंथात शेख फरीद आहेत, ते मुसलमान सूफी. कबीर आहेत, ते विणकर. रविदास आहेत, ते चांभार. शिंपी, विणकर, चांभार आणि सूफी फकीर एका ग्रंथात मांडीला मांडी लावून बसले आहेत आणि लाखो लोक त्या ग्रंथापुढे मस्तक टेकतात. शिखांनी आपली निष्ठा सोडली काय? मुळीच नाही. त्यांची निष्ठा किती कडक आहे हे जगाला ठाऊक आहे. कडक निष्ठा आणि मोठे मन एकत्र नांदू शकतात, याला याहून निराळा पुरावा कशाला हवा?

उलट दाखलाही कबिराचाच आहे. तो गेल्यावर हिंदू म्हणाले आम्ही दहन करू, मुसलमान म्हणाले आम्ही दफन करू. चादर उचलली तो खाली नुसती फुले, अशी कथा आहे. मगहरला आजही समाधी आणि मजार शेजारी शेजारी आहेत. लोकांनी फुले वाटून घेतली. कबीर मात्र कोणाच्याच वाट्याला आला नाही. संताच्या जागेवर हक्क कोणाचा, म्हणून भांडणाऱ्यांनी ही कथा रोज एकदा आठवावी.

ख्रिस्ती लोकांशीही आपले नाते आहे, ते भाषेचे आणि ओवीचे. फादर स्टीफन्स हे इंग्रज पाद्री १५७९ साली गोव्यात आले आणि त्यांनी 'क्रिस्तपुराण' लिहिले ते मराठी ओवीत. १६१६ साली ते रायतूरला छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्या आहेत. त्या काळी गोव्यात देवळे पाडली जात होती, हेही येथेच सांगितले पाहिजे. एक सांगून दुसरे झाकणे बरे नव्हे. पण ज्या राजवटीने देवळे पाडली तिच्याच छायेत बसलेल्या या परदेशी माणसाला आपल्या देवाची कथा सांगायला आपली ओवीच सापडली, आणि मराठीचे त्याने मनापासून कौतुक केले.

रेव्हरंड नारायण वामन टिळक १८९५ साली ख्रिस्ती झाले. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापाशी पोचलो, असे ते म्हणत. हे ऐकून आपल्यातल्या काहींना दुःख होते, आणि ते आम्ही समजू शकतो. त्यांच्या घरीही कमी दुःख झाले नाही. लक्ष्मीबाईंच्या 'स्मृतिचित्रां'त ते सारे आहे. काही वर्षे नवराबायको दूर राहिली. पुढे लक्ष्मीबाई पतीकडे आल्या, तरी त्यांचे सोवळे आणि स्वयंपाक वेगळाच होता. एका छपराखाली दोन निष्ठा नांदल्या. पुढे त्याही ख्रिस्ती झाल्या. पण त्याआधी जातपात देवाने केलेली नसून माणसाने केलेली आहे हे त्यांना उमगले होते, आणि कोणाच्याही हातचे पाणी त्या पिऊ लागल्या होत्या. त्यांच्या धर्मांतराशी आपण सहमत असण्याची गरज नाही. पण हा उमाळा तर आपल्याच चोखोबांच्या घरचा आहे!

आणि चोखोबांचे नाव निघाले की दुसऱ्यांना उपदेश करणारे आपले तोंड बंद होते. मंगळवेढ्यास गावकुसाच्या कामावर भिंत कोसळून १३३८ साली चोखोबा गेले. नामदेवरायांनी त्यांच्या अस्थी आणून महाद्वारासमोर समाधी दिली. महाद्वारासमोर, म्हणजे बाहेर! त्यांच्या जातबांधवांना विठोबाच्या पायांवर डोके ठेवायला १९४७ साल उजाडावे लागले. सहाशे नऊ वर्षे. तेही आपल्याला आपोआप सुचले नाही. साने गुरुजींनी महाराष्ट्रभर दौरा केला, मग १९४७ च्या मे महिन्यात पंढरपुरास तनपुरे महाराजांच्या मठात प्राण पणाला लावून उपोषण केले, तेव्हा दार उघडले. परधर्मीयांशी बंधुभाव जोडण्याच्या गोष्टी सांगताना हे लक्षात असावे. ज्याने घरातल्या भावाला उंबऱ्याबाहेर ठेवले, त्याला शेजाऱ्याशी भाऊपणा कसा साधेल?

पण त्याच दारात पुढे एक मंगल गोष्ट घडली. विनोबाजी १९५३ साली हरिजनांना घेऊन देवघरच्या वैद्यनाथाला गेले, तेथे त्यांना मार बसला. १९५५ साली पुरीस त्यांच्याबरोबरच्या फ्रेंच भगिनीला आत सोडीनात, म्हणून जगन्नाथाचे दर्शन न घेताच ते परत फिरले. मग १९५८ साली ते पंढरपुरास आले. लोकांना धाकधूक होती. पण आपल्या पंढरीने त्यांना बोलावले, आणि बरोबरच्या मुसलमान व ख्रिस्ती साथींसह ते विठोबापुढे उभे राहिले. विनोबांच्या डोळ्यांना धारा लागल्या होत्या. विठोबा काही विटाळला नाही. अठ्ठावीस युगे कमरेवर हात ठेवून उभा असलेला देव, त्याने कोणाची जात विचारण्यासाठी ओठ उघडले आहेत, असे कोणत्या पुराणात लिहिले आहे?

तर वाचकहो, आता करायचे काय? मोठमोठे बोलण्यापेक्षा चार लहान गोष्टी सांगतो.

पहिली गोष्ट कीर्तनकार मंडळींना, हात जोडून. नारदांच्या गादीवर उभे राहून दुसऱ्या धर्माची टवाळी केली की हशा लगेच पिकतो, टाळ्याही पडतात. पण समोर बसलेले पोर ती टवाळी घरी घेऊन जाते, आणि नाम तेथेच विसरते. तो हशा फार महाग पडतो.

दुसरी. आपल्या गावात परधर्मीयांचे एक जरी घर असेल, तरी त्या घरी मयत झाले की जाऊन बसा. काही बोलू नका, नुसते बसा. दुःखाला कोणती भाषा लागते, कोणता मंत्र लागतो, ते तेथे कळेल.

तिसरी. त्यांच्यातला एखादा कसा वागला यावरून साऱ्यांना तोलू नका. आपल्यातला एक माळकरी खोटे माप देताना सापडला, तर साऱ्या वारकऱ्यांना कोणी लबाड म्हटलेले आपल्याला चालेल काय?

चौथी. आपली साधना वाढवा. हरिपाठ रोज झाला पाहिजे, एकादशी चुकता कामा नये. ज्याचे आपल्या देवाशी नीट जमलेले नाही, तोच दुसऱ्याच्या देवाशी भांडायला जातो. भरलेला घडा आवाज करीत नाही.

त्या वृद्ध माळकरी बाबांनी हे सारे ऐकून घेतले. बराच वेळ ते माळेचा मेरुमणी बोटांत फिरवीत राहिले. मग म्हणाले, "म्हणजे बुवा, माळ घट्ट आणि मूठ सैल. असंच ना?" आम्हांला इतका वेळ बोलून जे नीट सांगता आले नव्हते, ते बाबांनी पाच शब्दांत सांगितले. आम्ही त्यांच्या पायांवर डोके ठेवले.

यंदा पसायदान म्हणताना आपल्या गावातल्या, आपल्या गल्लीतल्या एखाद्या परधर्मी माणसाचा चेहरा डोळ्यांसमोर आणा आणि मग म्हणा. माउलींनी मागितलेले दान त्याच्याही पदरात पडावे, असे मनापासून वाटले, तर ज्ञानेश्वरीचे पारायण पुरे झाले असे समजावे.

पुंडलीक वरदा हरि विठ्ठल!